मांडीवरचा नारळ

हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही. आज का सांगतोय — मलाही नीट माहीत नाही.

जर्मनीत, एर्लांगेन गावात, आमच्या वरच्या मजल्यावर आर्थर नावाचे एक इंग्रज गृहस्थ राहायचे. जर्मन बायकोसाठी इथे आले आणि ती गेल्यावर इथेच राहिले. एके काळी त्यांनी लिहिलेल्या खुनाच्या विनोदी मालिका ब्रिटिश टीव्हीवर गाजायच्या. मग कामाचे फोन यायचे थांबले. तरी रोज सकाळी ते लिहायला बसत. भला माणूस हो!

जर्मनीत फुटबॉलचा वर्ल्ड कप व्हायचा होता, त्याच्या आदल्या वर्षी त्यांनी मला नवी पटकथा वाचायला दिली. ही लंडनच्या टीव्हीवाल्यांनी घेतली नाही तर लिहिणं बंद, म्हणाले. त्यात एक प्रसंग होता — निरोपसमारंभात खुर्चीवरचा साहेब मेलेला आहे, कुणाच्या लक्षातच नाही, भाषणं चालू आहेत आणि इन्स्पेक्टर त्याच्या मांडीवर भेटीचं घड्याळ ठेवतो. हसून हसून माझं पोट दुखलं.

नेमकं तेव्हाच इथल्या मराठी मंडळाचं गणपतीतलं नाटक माझ्या गळ्यात पडलेलं. महिनाभर कागद कोरा. मग — त्या प्रसंगातलं घड्याळ काढलं, शाल-श्रीफळ घातलं. पटकथा परत करताना म्हणालो, सॉरी, वाचायला वेळच झाला नाही.

आपल्यात रूपांतराला कोण नावं ठेवतं? 'मूळ कल्पना' अशी एक ओळ टाकली की झालं. मंडळाच्या वैशालीताईंनी त्यांच्या जर्मन-मराठीत विचारलंही, "आल्झो, तर मग हँडबिलवर मूळ कल्पना कुणाची टाकू रे?"

माझीच, म्हणालो.

त्यांनीच आर्थरना नाटकाला बोलावलं. मराठीचा गंध नाही, पण प्रेताच्या मांडीवरचा नारळ कळायला मराठी कशाला लागतं? सभागृह खदाखदा हसत होतं, ते एकटे गप्प.

दोन दिवसांनी ते दारात. माझा हात हातात घेऊन म्हणाले, "तुलाही तेच सुचलं! पण लोकांनी तुझं आधी पाहिलं. माझ्या पटकथेतलं मी काढून टाकलं."

मी काय म्हणालो असेन? — "योगायोग."

त्या प्रसंगाविना पटकथा लंडनला गेली आणि परत आली. बांधणी चांगली, पण हसू येत नाही, असं कळवलं होतं. ती घेऊन ते पुन्हा माझ्याकडे आले. आता तरी वाच आणि कुठे चुकलं ते सांग, म्हणाले.

मी चार दिवस ठेवून घेतली. मग सांगितलं — शेवट जरा लांबलाय.

त्यांनी ते वहीत लिहून घेतलं.