सुतकातलं मांजर आणि उंदीर

मालक वारले, आणि दुसऱ्याच दिवशी माधवनगरहून आलेल्या माझ्या नणंदेनं टीव्हीवर चादर टाकली. तेरा दिवस घरात करमणूक नको, म्हणाली. स्वतःचा मोबाईल मात्र तिनं झाकला नव्हता. भावाच्या फोटोखाली कुणी कुणी हात जोडले ते ती मला मोठ्यानं वाचून दाखवायची.

साताऱ्याच्या या घरात आम्ही दोघंच राहायचो. मालक फौजेतून पेन्शनीत आले तेव्हापासून रोज चार वाजता आम्ही मांजर-उंदराचं कार्टून बघायचो. मांजराच्या तोंडावर तवा बसतो, तोंड भाकरीसारखं सपाट होतं, आणि आपण चहाचा घोट गिळेपर्यंत ते परत पळायला लागतं. मी म्हणायची, "आवं, हे शंभरदा बघितलंय." ते म्हणायचे, "व्हय, पण अजून एकदा बी मेलं न्हाई." सीमेवर राहिलेल्या माणसाला त्याचं लय कौतुक. मला आपला उंदीर पटायचा. सासरी मीही तसाच संसार केला होता, सगळ्यांच्या पायांतून वाट काढत.

बायका भेटायला यायच्या. दारात रडायच्या, सतरंजीवर बसल्या की थांबायच्या, मग माझे डोळे ओले आहेत का ते बघायच्या. सकाळ-दुपार मी कशीबशी काढत होते. चार वाजले की मात्र घर खायला उठायचं. सहाव्या दिवशी गल्लीतल्या तिघी बसलेल्या असताना मी उठले आणि चादर ओढली.

"आवं वैनी!" नणंद ओरडली. "भाऊ जाऊन आठवडा न्हाई झाला. लोक काय म्हणतील?"

"लोक हितंच बसल्यात वन्सं, इचारा की. माझं रडणं दिवसभर हायच. हा अर्धा तास मला सोडा."

मी टीव्ही लावला. मांजर शिडीवर चढलं, शिडी मोडली, वरून तापलेली इस्त्री डोक्यात पडून शेपटीवर घसरली. पहिल्या बाईनं पदर तोंडाला लावला. मला वाटलं, रडतेय. पण तिचे खांदे हसण्यानं हलत होते. दुसरीला उगाच खोकला आला. तिसरीनं मांडीवर थाप मारली, "अगं बया, शेपूट जळालं की मेल्याचं!"

नणंद पाठ फिरवून बसली होती. जरा वेळानं हळूच म्हणाली, "कुणाचं जळालं?" आणि वळून बसली.

कार्टून संपलं, तशा तिघी उठल्या. सुतकाच्या घरातून निघताना 'येते' म्हणत नाहीत, गुपचूप चालू पडायचं असतं. तिसरी चप्पल घालता घालता बोलून गेली, "बरं, उद्या येते." मग तिनं जीभ चावली. तिघीही घाबरून नणंदेकडं बघायला लागल्या.

नणंद म्हणाली, "पावणेचारला या. सुरुवात चुकली की मजा न्हाई."