धाकट्याचं मत आधी

जर्मनीत येनाला असताना आमच्या खालच्या मजल्यावर एक निवृत्त न्यायाधीश बाई राहायच्या. खेड्यातल्या बेकरीवाल्याची मुलगी, लहानशा कोर्टापासून चढत चढत थेट देशभरची अपिलं शेवटी जिथे येतात त्या केंद्रीय न्यायालयात पोचलेली. तिथे पाच जणांच्या पीठाच्या त्या प्रमुख होत्या. जिना पुसायची आपली पाळी मात्र त्यांनी कधी चुकवली नाही. मला त्यांचा आदर वाटायचा आणि थोडी भीतीही.

एकदा कॉफी पिताना त्या म्हणाल्या, आमच्याकडे मत देताना कनिष्ठापासून सुरुवात होते, प्रमुख सर्वांत शेवटी. नाहीतर मोठ्यांचं ऐकून धाकट्यांच्या माना आपोआप हलतात. मी थक्क झाले. आमच्या घरी सासरे पुण्याहून व्हिडिओ कॉलवर आधी बोलायचे आणि मग आम्ही सगळे माना हलवायचो.

त्या दिवसांत घरात एकच विषय होता. नवऱ्याला पुण्यात चांगली नोकरी मिळत होती, त्याला परतायचं होतं. मला इथली माझी प्रयोगशाळा सोडायची नव्हती. दहा वर्षांची लेक मराठी समजायची, पण उत्तर जर्मनमध्ये द्यायची. ती माझ्या बाजूची, याबद्दल मला तिळमात्र शंका नव्हती. म्हणून मी साळसूदपणे सुचवलं, या वेळी सर्वांत धाकटं माणूस आधी बोलेल आणि पाच जणांत बहुमत होईल ते मान्य. सासूबाई-सासरे हसत कबूल झाले.

लेक चक्क मराठीत बोलली. "मला पुण्याला जायचंय. आजी-आजोबा म्हातारे होतायत, आणि मला ते फक्त फोनमध्ये दिसतात."

माझं मत एकटंच पडलं. शेवटी सासऱ्यांची पाळी आली तेव्हा त्यांनी नुसता हात वर केला.

मी तरातरा खाली गेले आणि तुमच्या नियमाने माझा घात केला, असं बाईंना सुनावलं. मग त्यांनी सांगितलं की पीठावर नव्या असताना एका प्रकरणात त्या आधी बोलल्या आणि बाकीचे चौघे विरुद्ध गेले. प्रकरण त्यांच्याकडे सोपवलेलं, त्यामुळे त्या चौघांच्या बाजूचं निकालपत्रही त्यांनाच लिहावं लागलं. तिथे कुणाचं मत काय होतं ते बाहेर सांगायचं नसतं, म्हणून कोणतं प्रकरण, ते त्यांनी स्वतःच्या नवऱ्यालाही कधी सांगितलं नव्हतं.

"मग कसं लिहिलंत?"

"जमेल तितकं चांगलं. अर्ध्या मनाने लिहिलं असतं, तर हरलेल्या माणसाला वाटलं असतं, अजून आशा आहे."

तो निकाल वकील आजही वाचत असतील आणि या बाईचा विरोध त्यात कुणालाही दिसत नसेल. इतकं मोठं मन मी तोवर पाहिलं नव्हतं.

वर आले तर लेक दारातच उभी होती. माझा चेहरा निरखत तिने जर्मनमध्ये विचारलं, तुला खरंच यायचं नाहीये का?

"यायचंय की," मी म्हणाले, आणि आवाज जरासुद्धा हलू दिला नाही.