कमीत कमी सात, जास्तीत जास्त बारा

ऑक्टोबर लागला की चाचा रजेचा कागद हातात घ्यायचे, पण वाचायचे नाहीत. कागद टेबलावर ठेवायचे आणि उजव्या हाताची पाचही बोटं समोरच्याच्या नाकासमोर पसरायचे. मग डाव्या हाताची दोन बोटं त्यांना जोडायचे. पहिले पाच, नंतरचे सात. समोरचा वैतागून बघत राहायचा आणि चाचा शांतपणे निकाल द्यायचे, "कमीत कमी सात, जास्तीत जास्त बारा. तवर कागद माज्या ड्रॉवरात."

तुम्हीही असा एखादा माणूस पाहिला असेल. साहेबाचा मूड ज्याला साहेबापेक्षा जास्त कळतो आणि ज्याला विचारल्याशिवाय ऑफिसात कोणी शिंकतही नाही. आमच्या कॅम्पात तो मान टाईमकीपर चाचांचा होता. दाभोळच्या खाडीकाठचा माणूस, बारीक अंगाचा, कानाला पेन्सिल अडकवलेली. सौदीत तेलाच्या पैशातून वाळूवर शहरं उभी राहत होती त्या दिवसांतली ही गोष्ट. हफ्र अल बातिनच्या अलीकडे आमचा कॅम्प होता. मी ड्रॉइंग ऑफिसात ड्राफ्ट्समन. माझं टेबल आणि त्यांची खिडकी समोरासमोर, त्यामुळे हा बोटांचा खेळ मी दर वर्षी पाहिला. मला स्वभावतःच थांबणं जमत नाही. दुसऱ्याला थांबवलेलं पाहूनही माझे पाय टेबलाखाली हलायला लागतात.

आता बारा कशाचे, ते सांगतो. आमचा सुपरिंटेंडंट अमेरिकन होता, बेसबॉलचा वेडा. चाचांनी तो खेळ उभ्या आयुष्यात पाहिलेला नव्हता, पण त्याचं वेळापत्रक त्यांना पाठ. ते मला चहाच्या ग्लासांवर समजावून सांगायचे. दोन लीग. प्रत्येक लीगचे दोन भाग, पूर्व आणि पश्चिम. उन्हाळाभर प्रत्येक संघ एकशे बासष्ट सामने खेळतो, आणि एवढं खेळून चारच संघ उरतात, प्रत्येक भागातून एक. मग एका लीगमधले दोन एकमेकांशी भिडतात. पाच सामने, ज्याने तीन जिंकले तो पुढे. दुसऱ्या लीगमध्येही तसंच. शेवटी दोन लीगचे दोन विजेते समोरासमोर. तिथे सात सामने, चार जिंकेल तो राजा. म्हणजे सगळं सरळ जिंकत गेला तर तीन आणि चार, सात सामने. रडतखडत गेला तर पाच आणि सात, बारा. मधले प्रवासाचे आणि विश्रांतीचे दिवस धरून अडीच आठवड्यांत सगळं खलास.

"आपल्या क्रिकेटासारखं नाय," ते म्हणायचे. "पाच दिवस उन्हात उभे ऱ्हायचे आनी शेवटी बरोबरी. हितं बरोबरी नाय. कोनतरी हरल्याबिगर घरी जात नाय."

यात रजेचा संबंध कुठे आला? तर आला तो असा. चाचा नवे असताना स्वतःचाच रजेचा कागद घेऊन साहेबाच्या केबिनमध्ये गेले. त्याच दिवशी पहाटे साहेबाचा संघ हरून बाहेर पडला होता. साहेबाने कागद न वाचताच फाडला आणि टोपलीत टाकला. चाचांनी दोन्ही तुकडे उचलले, डिंकाने चिकटवले आणि दोन दिवसांनी पुन्हा नेले. साहेबाने हसत सही केली. त्या दिवसापासून चाचांनी नियम बसवला. साहेबाचा संघ मैदानात असेपर्यंत एकही कागद आत जाणार नाही. त्यातून त्या काळात साहेब दाढी करायचा नाही, एकच घामट टोपी घालायचा आणि टेबलावरची कॉफीची किटलीसुद्धा कोणाला हलवू द्यायचा नाही. असा माणूस रजा कशी देणार? आम्हाला सगळ्यांना पटलं. कोणी शंका काढली नाही, मीसुद्धा नाही.

चाचांनी टाईम ऑफिसच्या भिंतीवर एक तक्ता लावला. वर पाच चौकोन, खाली सात. पहाटेच्या नमाजानंतर ते मेसच्या पायरीवर ट्रान्झिस्टर कानाला लावून बसायचे. खरखरीतून निकाल ऐकायचे आणि येऊन चौकोन भरायचे. सकाळी हजेरीला रांग लागली की माणसं आधी तक्ता बघायची. साहेबाचा संघ लवकर हरला की वेल्डर, सुतार, पेंटर सगळे आनंदाने एकमेकांच्या पाठीवर थापा मारायचे. एकटे चाचा उदास व्हायचे. लोकांच्या सोयीसाठी शिकलेला खेळ त्यांना लागला होता, चहाची सवय लागते तसा.

पण एकदा मला या नियमाची चीड आली. गुहागरकडचा एक फिटर होता. वडील अंथरुणाला खिळल्याची तार त्याला आली, ती नेमकी ऑक्टोबरात. तो कागद घेऊन धावत आला. चाचांनी बोटं पसरली.

"चाचा, बाप आहे माझा," फिटर म्हणाला.

"म्हनूनच सांगतो. आता नेलास तर फाडून टाकील, मग म्हैनाभर तोंड दाखवता येनार नाय. चार दिवस कळ काढ."

चाराचे नऊ झाले. साहेबाचा संघ त्या वर्षी हरेचना. फिटर घरी पोचला तेव्हा वडिलांना जाऊन दोन दिवस झाले होते. तो परत आलाच नाही. चाचा मला म्हणाले, "मी काय करनार? साह्यबाचा नियम." त्यानंतर कितीतरी दिवस त्यांनी चहाला बोलावलं नाही. खिडकीत बसून रिकाम्या रस्त्याकडे बघत असायचे.

पुढच्या वर्षी चाचांच्या मुलीचा निकाह ठरला. नवरामुलगा कुवेतला नोकरीला, त्याची रजा मोजकी. शुक्रवार पक्का, पुढेमागे करायला जागा नाही. चाचा मला रोज काहीतरी सांगायचे. मुलीच्या जन्माच्या वेळी ते बोटीवर होते. ती शाळेत जायला लागली तेव्हा दम्माममध्ये. तिने कुराण पुरं वाचलं त्या दिवशी घरी जेवण झालं, तेव्हा इथे. "बापाच्या जागी वली म्हनून भाऊ उभा ऱ्हाईल, चालतं. पन येवढं तरी डोळ्यांनी बघू दे. नायतर तिला वाटेल, बाप म्हंजे नुसती पत्राची पाकिटं."

त्यांनी हिशोब मांडला. बाराच्या बारा सामने झाले असं धरलं. मधले मोकळे दिवस धरले. पासपोर्टवर खुरूजचा, म्हणजे देशाबाहेर जायच्या परवानगीचा शिक्का, मुंबईचं विमान, तिथून रात्रभराची एसटी, सगळं धरलं. वर दोन दिवस हातचे ठेवले. इतका चोख हिशोब मी ड्रॉइंग ऑफिसातही पाहिला नव्हता.

साहेबाचा संघ पहिली फेरी पाचव्या सामन्यात जिंकला. अंतिम फेरीत तीन-दोन असा पुढे आला. एकच विजय हवा होता. चाचांची पेटी भरून झाली होती, तिला दोरी बांधली होती. त्या पहाटे मीही त्यांच्याबरोबर मेसच्या पायरीवर बसलो. ट्रान्झिस्टर खरखरला आणि चाचांचा चेहरा पडला.

"काय झालं? हरले?"

"नाय. खेळच झाला नाय." ते माझ्याकडे बघत राहिले. "पाऊस लागलाय."

वर्षाचे चार महिने छत्री सांभाळत वाढलेला कोकणातला माणूस! पण इतकी वर्षं वाळवंटात काढल्यावर तो पाऊस धरायचाच विसरला होता. दुसऱ्या पहाटे रेडिओ म्हणाला, पाऊस. हातचे दोन्ही दिवस गेले. तिसऱ्या पहाटे पुन्हा पाऊस. चाचा यार्डात येरझाऱ्या घालत होते. पाईपच्या थप्पीपर्यंत जायचे, परत यायचे, आकाशाकडे बघायचे. आकाश नेहमीसारखंच कोरडं होतं. त्या दिवशी सही झाली नाही, तर शुक्रवार गाठणं शक्य नव्हतं.

"चाचा, आत जा आणि विचारा," मी म्हणालो.

"नाय."

"मुलीचं लग्न आहे!"

"त्या फिटरचा बाप व्हता." त्यांचा आवाज चढला. "त्याला थांबवला आनी आता माजं काम आलं म्हनून मी जाऊ? कुठल्या तोंडानं?"

मला बसवत नव्हतं. दुपारी ते नमाजाला गेले तेव्हा मी खिडकीतून हात घालून त्यांचा ड्रॉवर उघडला, कागद काढला आणि सरळ साहेबाच्या केबिनमध्ये शिरलो. साहेब दाढी वाढवून, ती टोपी घालून बसला होता. मी घाईघाईने सगळं सांगितलं. मुलगी, शुक्रवार, पाऊस, आणि त्याचा नियम मोडल्याबद्दल क्षमा असावी म्हणून.

"माझा कसला नियम?" त्याने विचारलं.

मी सांगितला. तो ऐकत राहिला. मग टोपी काढून टेबलावर ठेवली. "ऑक्टोबरात माझ्याकडे कधीच कोणी रजा मागायला येत नाही," तो हळूच म्हणाला. "मला वाटायचं, तुम्हा लोकांचा काहीतरी सण असेल त्या वेळी." त्याने सही केली, खुरूजसाठी स्वतः फोन केला आणि विमानतळापर्यंत आपली गाडी दिली.

मी बाहेर आलो तेव्हा कागद हातात होता, पण पाऊल उचलवत नव्हतं. आता चाचांना काय सांगायचं? इतकी वर्षं, इतकी माणसं, आणि तो फिटर. ते नमाजाहून समोरून येत होते. मी म्हणालो, "चाचा, साहेब म्हणाला, पाऊस म्हणजे खेळ बंद. खेळ बंद तर नियम बंद."

त्यांनी सही पाहिली, पुन्हा पाहिली. मग चष्मा काढून डोळे पुसले. "हे माज्या ध्यानातच आलं नाय," म्हणाले. निघायच्या घाईतही ते टाईम ऑफिसात गेले आणि तक्त्याखाली पेन्सिलीने लिहिलं, 'पावसात चालतं.' मग मला मिठी मारली आणि साहेबाच्या गाडीत पेटी मांडीवर घेऊन बसले. मागे ठेवायला तयारच नव्हते. मी मूर्खासारखा रडत होतो, आणि मला वाटतं ते आनंदाचं रडणं नव्हतं.

चाचा परत आले नाहीत. गावीच दुकान टाकलं. दोन महिन्यांनी मराठीत पत्र आलं. निकाह छान झाला, निघताना मुलीने त्यांचा हात सोडला नाही, असं बरंच होतं. खाली लिहिलं होतं, 'बारावा झाला का? आणि एक खरं सांग. पावसाचं ते साहेब बोलले का तू बोललास? रजेला साहेब कधी कोणाला नाही म्हणाले होते का?'

मी तीन वेळा उत्तर लिहायला बसलो. शेवटी इतकंच लिहिलं की अकरावा साहेब हरले, बारावा झाला, तोही हरले आणि दुसऱ्या दिवशी दाढी केली. दुसऱ्या प्रश्नाबद्दल एक अक्षर नाही. पत्र टाकल्यावर वाटलं, सुटलो.

आता ऐकतो की त्या खेळात शेवटच्या टप्प्यात बारा संघ घेतात, चार फेऱ्या होतात, तीन, पाच, सात, सात, आणि पुरा ऑक्टोबर संपला तरी खेळ संपत नाही. चाचांना हाताची बोटं पुरली नसती. ते जाऊनही आता बरीच वर्षं झाली. त्यांचं शेवटचं कार्ड माझ्याकडे आहे. माझं पत्र पोचल्यावर आठवडाभरात लिहिलेलं असावं.

'समजलो,' त्यात लिहिलंय. 'काल तरीत बसून खाडीपलीकडे गेलो, फिटरच्या घरी. तो आता मस्कतला असतो. त्याची आई होती. तिला सगळं सांगितलं. मी उठलो तेव्हा म्हणाली, थांबा, चहा ठेवलाय. मग थांबलो.'