हात गयाबाईंचे

तीर्थपुरीच्या स्टँडवर कंडक्टर "ए मावशी, सरक पुढं" म्हणाला, की गयाबाई बसच्या पायरीवरच थांबायच्या. "गयाबाई दगडुबा साबळे. मला नाव हाय." त्याने नाव घेईपर्यंत बस हलत नसे. मी त्यांच्या शेजारी राहायला आलो तेव्हा मीही मावशी म्हणालो, आणि नव्या मास्तरला अख्ख्या गल्लीसमोर पहिला धडा मिळाला.

हा हट्ट कशापायी, ते एका जुन्या चित्रफितीमुळे कळलं. पूर्वी गयाबाई ज्यांच्याकडे मजुरीला जायच्या, त्या मालकांच्या शेतात टीव्हीवाले आले होते, कपाशीचं संकरित बियाणं कसं करतात ते दाखवायला. संध्याकाळी कळी सोलून आतले पुंकेसर काढायचे, दुसऱ्या सकाळी नर फूल आणून तिच्यावर घासायचं. सकाळ चुकली की कळी वाया. मालकांनी कडक इस्त्रीच्या शर्टात, न सोललेल्याच कळीवर फूल घासलं. "मालक, ती सोललेलीच न्हाई," गयाबाई मागून म्हणाल्या. मग टीव्हीवाल्यांनी गयाबाईंचेच हात टिपले.

आता ती फीत कुणीतरी मोबाइलवर टाकली होती. मालक सांगतात, "हे सगळं मी माझ्या हातानं करतो," आणि पडद्यावर हात दिसतात ते हिरव्या बांगड्यांचे, मनगटावर तुळस गोंदलेले! मला हसू फुटलं. गयाबाई हसल्या नाहीत. "मास्तर, खाली लिवता येतं ना? लिवा. हे हात गयाबाई दगडुबा साबळेचे हायेत."

मी लिहिलं. मालक केव्हाच वारले होते, पण गयाबाई अजून त्याच शेतात कामाला होत्या. त्या संध्याकाळी धाकटा मालक मोटारसायकलवरून दारात आला. "ते काढून टाका. माझ्या बापाचं नाव खराब करून राह्यल्या तुम्ही. न्हाई तर उद्यापासून कामावर येऊ नका."

"बराबर. मंग उद्या फुलं तुम्हीच लावा. फकस्त बापासारखी लावू नका."

मी घाबरलो. त्यांचं घर त्या मजुरीवरच चालत होतं. "काढतो मी," म्हणालो, तर त्यांनी असं बघितलं की मी मोबाइल खिशात घातला.

सकाळी त्या ओट्यावर पाय पसरून बसल्या. शेतात कालच्या सोललेल्या कळ्या तशाच होत्या. शेजारची सुमन येऊन त्यांच्याजवळ बसली, मग एकेक करत कामावरच्या सगळ्याच बाया. ऊन चढायला लागलं तसा धाकटा मालक पुन्हा आला. "चला जल्दी. राहू द्या ते लिहिलेलं."

"न्हाई. आता तेच तुम्ही लिवा. तुमच्या नावानं."

त्याने तिथंच उभं राहून लिहिलं. मी मोठ्याने वाचून दाखवलं, तेव्हा कुठे गयाबाईंनी पदर खोचला. माणसाने ताठ असावं ते असं, हे मी त्या दिवशी शिकलो.

गेल्या वर्षी त्या गेल्या. लेकीला बजावून ठेवलं होतं, "फ्लेक्सवर माझं तोंड नका लावू. हात लावा, अन् खाली पूर्ण नाव." म्हणून चौकात श्रद्धांजलीचा जो फ्लेक्स लागला, त्यावर नुसते दोन हात होते, गोंदलेले, बोटांत कपाशीचं फूल. खालचं नाव गर्दीत झाकलं गेलं होतं. धाकटा मालक तिथं उभा होता. बसच्या दारातून वाकून कंडक्टरने त्याला विचारलं, "कुन्या बाईचे हात हो हे?"

"बाई न्हाई," तो म्हणाला. "गयाबाई दगडुबा साबळे."