मिस्त्रींचा समुद्र

विहिरीवरची जळालेली मोटार समोर आली की मिस्त्री आधी तिच्यावर उलटा हात ठेवायचे. मोटार थंडगार असायची, कारण ती जळून दोन दिवस झालेले असायचे. तरी हात ठेवायचेच. मग म्हणायचे, "व्होल्टेजनं खाल्ली."

तीर्थपुरीच्या बाजारात त्यांचं मोटार वाइंडिंगचं दुकान होतं. मी जवळच्या सबस्टेशनवर ऑपरेटर. माझ्यामुळे मोटारी जळतात आणि त्यांच्यामुळे चालतात, असं ते चारचौघांत सांगायचे. मी हसायचो, दुसरं करणार काय?

कुठल्याशा जुन्या पेपरात त्यांनी वाचलं, की भरती-ओहोटीच्या पाण्यावर वीज तयार होते. तेव्हापासून गिऱ्हाइकांची सुटका नव्हती. दोन डबे नळीनं जोडून, मध्ये बारका पंखा बसवून ते दिवा लुकलुकवून दाखवायचे. दोन्हीकडचं पाणी सारखं झालं की दिवा विझायचा. तेव्हा ते लगेच एक डबा वर उचलायचे.

"वाऱ्याचा भरोसा न्हाई, ऊन संध्याकाळी जातं," ते म्हणायचे. "समुद्राला मात्र लोडशेडिंग न्हाई. चढून राह्यला न्हाई तर उतरून राह्यला."

समुद्र त्यांनी पाहिलेला नव्हता. आम्हीही नव्हता, त्यामुळे वाद घालायला कोणीच नव्हतं.

जावयाची बदली रत्नागिरीला झाली तेव्हा मिस्त्री पहिल्यांदा समुद्रावर गेले. आठ दिवसांसाठी गेलेले चौथ्याच दिवशी परत आले आणि थेट सबस्टेशनच्या फाटकात उभे.

"साहेब, घोळ झाला. समुद्र थांबतो."

धक्क्याच्या पायरीवर खडूनं रेघ मारून ते पाण्याकडे बघत बसले होते. पाणी रेघेपाशी आलं आणि तिथंच राहिलं. बराच वेळ ना वर, ना खाली. मग हळूच उतरायला लागलं.

"भरती संपली की थांबतं, ओहोटी संपली की थांबतं. दिवसातून चार बार. तिथल्या मासेवाल्या बाईला विचारलं तं ती हसायलाच लागली."

"मग त्यात काय एवढं?" मी म्हणालो.

"माझ्या शब्दावर लोक ओल्या पायानं स्टार्टरचं बटन दाबतेत, साहेब. मी म्हणलो चालू करा, की करतेत. एक शब्द खोटा निघाला तं बाकीचे कामून खरे मानायचे?"

पुढचा महिनाभर मिस्त्री स्वतःची चूक दुरुस्त करत फिरले. आठवडी बाजारात माणसं थांबवून सांगायचे. एक जुनं गिऱ्हाईक, म्हातारबा, मुलाकडे भोकरदनला राहायला गेलेलं. तर मला सोबत घेऊन एसटीनं भोकरदनला. म्हातारबांनी चहा पाजला आणि म्हणाले, "कोणता समुद्र? मला तं काईच याद न्हाई."

"तुम्हाला याद नसंल, पण सांगितलं तं मीच व्हतं ना. तो थांबतो. पण कधी थांबणार ते वर्षभर आधी छापून येतं. ते कोष्टक मी डोळ्यानं पाह्यलं. एवढं बिलकुल खरं."

परतीच्या गाडीत मिस्त्री ढाराढूर झोपले. माझा सुट्टीचा दिवस वाया गेला होता. मला त्यांचा राग आला, आणि खरं सांगायचं तर थोडा हेवाही वाटला.

मागच्या हिवाळ्यात मिस्त्री गेले. साधा ताप म्हणून पडले ते उठलेच नाहीत. सकाळी माती झाली, दुपारी मी ड्यूटीवर आलो. लाइन गेलेली होती. शिवारातून एका शेतकऱ्याचा फोन आला, "लाईट कधी यील?"

या प्रश्नाचं आमच्याकडे एकच उत्तर असतं: दहा मिनिटांत. काहीही माहीत नसताना वर्षानुवर्षं मी तेच देत आलो होतो. त्या दिवशी मात्र म्हणालो, "म्हाईत न्हाई, दादा. फॉल्टच सापडला न्हाई अजून."



"बरं झालं सांगितलं. मंग घरी जाऊन जेवून येतो. न्हाई तं इथंच बसून राह्यलो असतो."

आजवर किती जण माझ्या दहा मिनिटांवर विहिरीपाशी उपाशी बसले असतील, असं मनात आलं आणि लाज वाटली. हे मिस्त्रींना सांगायलाच हवं म्हणून मी मोबाइल काढला, नंबर लावला. घंटी वाजायला लागली तेव्हा आठवलं, सकाळीच मी त्यांना खांदा दिला होता.