गुडघ्याएवढे दिवे

दिव्याखाली किडे जमतात तसे आमच्या धंद्यात किस्से जमतात. आम्ही म्हणजे जालन्यातलं छोटंसं ऑफिस. डिझाइन माझं, वायरिंग मुश्ताकभाईंचं. लोक जिथं संध्याकाळी फिरायला जातात तिथं दिवे कुठं नि कसे लावायचे, हे आमचं काम. सगळ्यात जास्त किस्से दिले ते जाफराबादकडच्या एका तळ्याकाठच्या बागेनं. आणि बागेच्या कमिटीच्या अध्यक्षांनी, नानांनी!

नानांना पाहिजे होता हायमास्ट. उंच खांब, वर फोकस, शेजारच्या गावातून दिसला पाहिजे! मी डिझाइन केले होते गुडघ्याएवढे बुटके दिवे. उजेड फक्त पायवाटेवर, तळ्यातलं चांदणं तसंच राहावं म्हणून. माझा फार जीव होता त्या कामावर. नाना म्हणाले, लावून बघा, न्हाई पटलं तर उपटू.

*

दिव्यांचे बुटके खांब उभे केले. दुसऱ्या दिवशी बघते तर प्रत्येकाला एकेक शेळी बांधलेली! मी वैतागले, नाना खूश. "ताई, उजेडाचं मंग बघू. खुंट्या मात्र मजबूत हायत."

*

पहिली टेस्टिंग. मी मुद्दाम पिवळसर दिवे घेतले होते, डोळ्याला गार वाटावेत म्हणून. नानांनी एक नजर टाकली आणि थेट लाइनमनला फोन लावला, व्होल्टेज पडलंय, जल्दी या. बिचारा जेवण सोडून आला, मीटर लावलं, म्हणाला बिलकुल बराबर हाय. तर नाना त्याच्यावरच डाफरले. मुश्ताकभाई तोंड फिरवून हसून राह्यले होते.

*

कडुलिंबाच्या बुडाशी एक फोकस वर तोंड करून लावला होता. झाड काय दिसायचं! पण रोज बाकावर बसणारे एक आजोबा आले नि म्हणाले, झाडावरचे बगळे झोपत न्हाईत. "त्यांलाबी सकाळी कामावर जायचं असतं, ताई."

फोकस काढला. नानांना वाटलं, चला, उपटायला सुरुवात झाली.

*

दिवे ठेवायचे की उपटायचे, त्या निकालाच्या दिवशी नाना हायमास्टवाल्यालाच सोबत घेऊन आल्ते. मागं कमिटी. दिवस मावळायला आलेला, बाकांवर बायकांच्या गप्पा रंगलेल्या. नाना सुरू झाले, असला मिणमिणता उजेड आपल्या गावाला शोभत न्हाई, उद्याच्या उद्या हे सगळं...

तेवढ्यात मुश्ताकभाईंनी बटण दाबलं.

वाट उजळली. बाकांवरच्या गप्पा थांबल्या, बायकांनी हात जोडले. कमिटीनं जोडले. बोलता बोलता नानांचेही हात जुळले, डोळे मिटले.

डोळे उघडून त्यांनी हायमास्टवाल्याकडं पाहिलं. त्याचेही हात जोडलेले!

"चला," नाना त्याला म्हणाले, "चहा घेऊन जा."