शेंदराखाली कोण

कॉलेजातून निवृत्त झाल्यावर मी गावोगावी जाऊन जुन्या मूर्तींवर बोलायला लागलो. परभणीत इतिहास शिकवण्यात उभा जन्म गेला होता, जिल्ह्यातली देवळं आणि शिलालेख पायी फिरून पाहिले होते. ते लोकांना सांगावं, एवढीच इच्छा. पत्नी गेल्यापासून घरी बोलायला कुणी नव्हतं, हेही होतंच.

एकदा जिंतूर तालुक्यातल्या एका गावाहून सरपंचांचा फोन आला. तिथल्या देवीच्या अंगावरचं शेंदराचं जाड कवच गळून पडलं होतं. "सर, आत भलतंच काही निघालंय. तुमीच येऊन सांगा."

गेलो. पद्मासन, मांडीवर एकावर एक ठेवलेले हात, खांद्याला टेकलेले कान, डोक्यावर सात फण्यांचा नाग. ओळखायला क्षणही लागला नाही. पारासमोर सतरंज्यांवर शंभर-दीडशे माणसं बसली होती. मी माइक घेतला आणि रंगात आलो. ही देवी नव्हे, हे जैनांचे तेविसावे तीर्थंकर, पार्श्वनाथ. एके काळी या भागात जैनांची वस्ती होती, ती कशी ओसरली, मूर्ती मागे कशा राहिल्या. तासभर बोललो. शेवटी विचारलं, "काही शंका?"

पुढं बसलेली एक म्हातारी उठली. "सर, लगीन होऊन आले तवापासून मी रोज हिला न्हाऊ घालते, लुगडं नेसवते. मंग मी कोणाला नेसवायले व्हते?"

कुणीतरी हसलं. मग बरेच जण हसले. मी हसलो नाही, पण त्यांना थांबवलंही नाही. श्रद्धा वेगळी, इतिहास वेगळा, असं काहीतरी पुस्तकी बोलून खाली बसलो. ती पदर तोंडाला लावून निघून गेली. मला शाल-नारळ मिळाला.

काही महिन्यांनी चारठाण्याहून परतताना त्या गावी उतरलो. देवळात संगमरवराची नवी देवी बसवली होती. जुनी मूर्ती शाळेमागं पत्र्याच्या शेडमध्ये होती. मी म्हातारीचं घर विचारत गेलो. ती उंबऱ्यात डाळ निवडत होती.

"या, सर," म्हणाली आणि पोतं अंथरलं.

"नव्या देवीकडं जाता का, मावशी?"

"न्हाई. तिला माझं कायबी ठाव न्हाई. मालक गेले, पोरगं पुण्याला गेलं, समदं त्या जुन्या देवीच्या कानावर घातलेलं व्हतं."

"माझं चुकलंच."

"तुमी खोटं थोडंच बोललात?" तिनं डाळीतला एक खडा वेचून टाकला. मग म्हणाली, "त्या देवाला बायको व्हती का?"

"काही म्हणतात, लग्न झालंच नव्हतं. काही म्हणतात, झालं होतं. पण ते घर सोडून गेले."

"मंग तिचं काय झालं?"

आयुष्यभर हा विषय शिकवला, पण हे मला कुणी विचारलं नव्हतं. "तिच्याबद्दल फारसं कुणी लिहिलेलं नाही," मी म्हणालो.

"न्हाईच लिव्हणार."

पाचची एसटी आली तसा मी उठलो. परत या, असं ती म्हणाली नाही.

आता कुठं बोलावणं आलं, तर बोलण्याआधी मी पूजा करणाऱ्या माणसाचं घर शोधतो. पुष्कळदा तिथंच दिवस जातो आणि व्याख्यान राहून जातं. बोलावणीही कमीच येतात.